लेशेकने टिपलेले चेहरे

लेशेक व्रोनाकडे मी कामाला लागले ती माइक धरणारी म्हणून. ऑस्ट्रेलियातल्या वॉलॉंगॉंगच्या युनिव्हर्सिटीत माझं मीडियाचं मास्टर्स संपत आलं होतं, साल दोन हजार पंधरा. युनिच्या नोटीस बोर्डावर हाताने लिहिलेली एक चिठ्ठी होती : ‘साउंडसाठी माणूस हवा. गप्प राहता आलं पाहिजे.’ खाली नंबर. फोन केला तर पलीकडून खरखरीत आवाजात पहिलाच प्रश्न आला,

“आजारी माणसाच्या खोलीत तुला चक्कर येते का?”

“माहीत नाही,” मी म्हटलं.

“मग सोमवारी कळेल.”

सोमवारी आम्ही एका जुन्या घरात गेलो. पंचाहत्तरीचा एक म्हातारा उशांना टेकून बसला होता. तरुणपणी त्याने बॉयलरच्या पाइपांना अ‍ॅस्बेस्टॉसचं आवरण चढवण्याचं काम केलं होतं आणि आता फुफ्फुसाच्या कॅन्सरने त्याचे थोडेच आठवडे उरले होते. खोलीत त्याची बायको, वकीलबाई आणि कोर्टाचा एक माणूस. लेशेकने पडदा सरकवला, दिवा हलवला, समोरच्या खुर्चीवर पांढरा अभ्रा टाकला आणि खिडकीतला उजेड त्यावरून म्हाताऱ्याच्या गालावर अलगद आणला. यात पाऊण तास गेला. मग त्याने कॅमेरा म्हाताऱ्याच्या डोळ्यांच्या उंचीला लावला आणि पुढचे दोन तास तो जागचा हलला नाही.

बाहेर गाडीत बसून त्याने डब्यातलं उकडलेलं अंडं सोललं. “चक्कर आली?”

“नाही.”

“घरी गेल्यावर येईल,” तो म्हणाला. आणि आली.

हेच त्याचं काम होतं. कामावरच्या धुळीमुळे आजारी पडलेल्या माणसाची केस चालायला वेळ लागतो आणि माणसाकडे तेवढा वेळ नसतो, म्हणून त्याची साक्ष घरी जाऊन, अंथरुणाशी बसून चित्रित करतात. दोन हजार एकपासून लेशेक अशा साक्षी शूट करत होता. तीनशेच्या वर झाल्या होत्या. त्यातली बहुतेक माणसं निकालाआधी गेली.

तो पोलंडचा. वूच शहरातल्या फिल्म स्कूलमध्ये शिकलेला सिनेमॅटोग्राफर. तिकडे त्याने दोन कथापटांचं छायाचित्रण केलं होतं, एक माहितीपट स्वतः दिग्दर्शित केला होता. त्र्याऐंशी साली, एकोणतिसाव्या वर्षी तो ऑस्ट्रेलियात आला आणि बारा वर्षं पोर्ट केम्ब्लाच्या स्टीलच्या कारखान्यात क्रेन चालवली. मग कारखान्यांसाठी सेफ्टीच्या फिल्म्स बनवायला लागला : मशीन बंद करताना कुलूप कसं लावायचं, उंचावर पट्टा कसा बांधायचा. या फिल्म्स मी एकदा सगळ्या पाहिल्या. त्यात एकही चेहरा नव्हता. हात, बूट, पाठमोरी हेल्मेट्स.

“चेहरे का नाहीत?” मी विचारलं होतं.

“पट्टा हाताने बांधतात,” तो म्हणाला. मला ते पटलं. मी पुढे विचारलं नाही.

वॉरावाँगमधल्या एका छोट्या घरात तो एकटा राहायचा. लग्न केलेलं नव्हतं. दर नाताळाच्या आधी तो पोलंडमधल्या बहिणीला एक पार्सल पाठवायचा आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये ते तसंच, न उघडलेलं परत यायचं. एक वर्ष मीच ते पोस्टातून सोडवून आणलं. त्याने ते गॅरेजमध्ये नेऊन बाकीच्या पार्सलांवर ठेवलं.

यतिन साबळेची केस आमच्याकडे दोन हजार बावीसच्या शेवटी आली. वकीलबाईंनी फोनवर वय सांगितलं, तेव्हा लेशेकने पुन्हा विचारलं, “किती?”

सदतीस. दगड कापणारा. त्या वर्षातला चौथा.

किचनच्या ओट्यासाठी जो कृत्रिम दगड वापरतात, तो कापताना बारीक सिलिका उडते आणि फुफ्फुसात साचते. यतिनने आठ वर्षं तो दगड ग्राइंडरने कोरडाच कापला होता, तोंडाला कागदी मास्क लावून. साताऱ्याचा मुलगा, मेकॅनिकल इंजिनियर. माझ्यासारखाच वॉलॉंगॉंगला मास्टर्सला आलेला. लोकल एक्सपिरियन्स नाही म्हणून कुणी नोकरी देईना, तेव्हा पश्चिम सिडनीतल्या एका वर्कशॉपमध्ये कॅज्युअल शिफ्टला लागला. पीआर, म्हणजे इथे कायम राहण्याची परवानगी, मिळेपर्यंत करू म्हणाला होता. पीआर मिळाली, लग्न झालं, मुलगी झाली, काम तेच राहिलं. “पिठाच्या गिरणीतला माणूस असतो ना, तसा घरी यायचो,” त्याने साक्षीत सांगितलं. “बायको म्हणायची, दारातच कपडे झटक. मी झटकायचो. आणि मग मुलीला उचलून घ्यायचो.”

साक्ष संपल्यावर वकीलबाई गेल्या. स्वरदाने, त्याच्या बायकोने, आम्हाला चहा दिला. यतिन नाकातली ऑक्सिजनची नळी सारखी करत मला मराठीत म्हणाला, “हे रेकॉर्डिंग कोर्टाच्या बाहेर जात नाही ना?”

“नाही. सील होतं.”

“बरं. कारण माझ्या घरी माहीत नाही.”

“आजाराचं?”

“कशाचंच. त्यांना वाटतं मी किचन डिझाइन करतो. तयार झालेल्या किचनचे फोटो पाठवायचो ना. आई ते शेजारणींना दाखवते.” तो हसला आणि खोकला. “तिची बायपास झालीय. सांगणार आहे मी. जरा बरं वाटलं की.”

बरं वाटणार नव्हतं, हे आम्हा चौघांना ठाऊक होतं.

परतताना लेशेक म्हणाला, “मी एक फिल्म करणार आहे. कोर्टासाठी नाही. लोकांसाठी.”

चाळीस वर्षांत त्याने स्वतःची फिल्म केली नव्हती. त्याने चारही दगड-कामगारांना विचारायचं ठरवलं. दोघे नाही म्हणाले, एक विचारायला जाईपर्यंत वारला. यतिन हो म्हणाला, पण एका अटीवर : घरी सांगेपर्यंत माझा चेहरा दिसता कामा नये. लेशेकने ती अट कागदावर स्वतःच्या हाताने लिहिली, दोन प्रती केल्या, सही केली. एक स्वरदाकडे दिली.

पुढचं जवळपास वर्षभर आम्ही महिन्यातून दोन-तीनदा त्यांच्याकडे जायचो. लेशेकने यतिनचे हात टिपले. मुलीच्या, स्पृहाच्या, बुटाची लेस बांधताना मध्येच थांबलेले. भाजी चिरताना. जिन्याच्या कठड्यावर, पायरीपायरीला विसावताना. असं काम मी त्याआधी पाहिलं नव्हतं. स्पृहा सहा वर्षांची होती, तिला वाटायचं हा एक खेळच आहे. ती विचारायची, “Is Daddy’s face on holiday?” आणि यतिनला हसू आवरायचं नाही.

एकदा असाच तो हसत कॅमेऱ्याकडे वळला, पूर्ण चेहऱ्याने. आणि हसतानाच त्याला उबळ आली. डोळे मोठे झाले, ओठ काळे-निळे पडले, हात नळी शोधत राहिला. स्वरदा धावली. तीस-बत्तीस सेकंद कॅमेरा चालू होता, कारण लेशेकही त्याला धरायला धावला होता. घरी आल्यावर त्याने त्या क्लिपला नाव दिलं, ‘नको’. पुसली मात्र नाही. का पुसली नाही, ते मी त्याला कधी विचारू शकले नाही.

यतिन म्हणाला होता दिवाळीत सांगतो. दिवाळी गेली. मग म्हणाला ख्रिसमसच्या सुट्टीत, निवांत.

डिसेंबरमध्ये मंत्र्यांची बैठक होती. त्या दगडावर बंदी घालायची की नुसते नियम कडक करायचे, हे ठरणार होतं. चार दिवस आधी दुपारी मला युनिमधल्या एका मैत्रिणीचा फोन आला. ती एका न्यूज चॅनलवर होती. तिला कळलं होतं की आमच्याकडे फुटेज आहे.

“हात-बित नकोत, चित्रा,” ती म्हणाली. “हाताकडे बघून कुणी जेवण थांबवत नाही. चेहरा आहे का?”

लेशेक दातांच्या डॉक्टरकडे गेला होता. मी त्याच्या गॅरेजमध्ये कॉम्प्युटरसमोर बसले होते. क्लिप मी उघडली, परत बंद केली, परत उघडली. दोन वर्षांत मी अशा चार माणसांच्या खोल्यांमध्ये माइक धरून उभी होते. मला वाटलं, ही बत्तीस सेकंदं त्या मंत्र्यांनी पाहायलाच हवीत. मी क्लिप पाठवली. लिहिलं, चेहरा ब्लर कर. तिचं उत्तर आलं, ‘No worries, बघते.’ नुसतं ‘बघते’ कशाला, असं मनात आलं होतं. पण मी परत फोन केला नाही. खरं सांगायचं तर चेहरा दिसावा असंच मला वाटत होतं.

ब्लर झाला नाही. संध्याकाळच्या बातम्यांत बारा सेकंद दाखवलं आणि त्यांच्या पेजवर सगळं टाकलं.

साताऱ्यात दुसऱ्या दिवशी यतिनच्या मामेबहिणीचा साखरपुडा होता. हॉलमध्ये जेवणाच्या पंगतीआधी कुठल्यातरी ग्रुपवर ती क्लिप आली. एका मामेभावाने ओरडून विचारलं, “हा यतिनदादा आहे ना?” आणि फोन हातोहात यतिनच्या आईपर्यंत गेला.

साताऱ्यात काय झालं ते आम्हाला माहीत नव्हतं, आणि क्लिप पाठवल्याचं मी लेशेकला सांगितलं नव्हतं. त्याच्या दुसऱ्या सकाळी आमचं शूट ठरलेलं होतं. आम्ही बेल वाजवली. स्वरदाने दार उघडलं, पण ती दारातच उभी राहिली. आतून यतिनचा आवाज येत होता.

“नाही गं आई. नळी नुसती... नुसती आधाराला आहे. अगं, रडू नकोस आधी. बाबांना दे. बाबांना दे ना फोन.” मग नुसता खोकला, आणि फोनमधून येणारा कुणाचातरी बारीक, अखंड आवाज.

स्वरदाने माझ्याकडे पाहिलं. “चित्रा, तू पाठवलंस?”

“हो,” मी म्हटलं.

लेशेकला मराठी येत नव्हतं. त्याने माझा चेहरा पाहिला आणि त्याला समजलं. तो स्वरदाला इंग्लिशमध्ये म्हणाला, “कॅमेरा माझा आहे. अटीवर सही माझी आहे. हे मी केलंय.”

“ते मला माहीत नाही,” स्वरदा म्हणाली. “आज तुम्ही जा.” तिने दार लावलं. आपटलं नाही, हळूच लावलं.

गाडी त्याने थेट बंदराच्या बाजूला नेली आणि समुद्राकडे तोंड करून थांबवली. मी सॉरी म्हणायला लागले तर त्याने हात वर केला. मग समोर बघत तो बोलला. आठ वर्षं मी त्याच्याबरोबर होते आणि हे पहिल्यांदा ऐकत होते.

एक्याऐंशी साली त्याच्या गावातल्या तारेच्या कारखान्यात संप झाला. कामगारांनी एकोणीस दिवस कारखाना आतून बंद करून घेतला होता. त्याच्या बहिणीचा नवरा मारेक त्या संपात होता, त्याने लेशेकला कॅमेऱ्यासह आत घेतलं. भट्टीचा उजेड होता. सत्तावीस वर्षांचा लेशेक त्या उजेडात एकेका माणसाच्या जवळ गेला आणि त्याने चेहरे टिपले. झोपलेले, पत्ते खेळणारे, भांडणारे. रिळं त्याने बहिणीच्या घरी लपवली. डिसेंबरात देशात लष्करी कायदा लागला. पोलिस आले आणि सरळ बहिणीच्या कपाटापाशी गेले.

“एकेक फ्रेम थांबवून त्यांनी पाहिली,” तो म्हणाला. “कारखान्याच्या ओळखपत्रांचे फोटो शेजारी ठेवून. तेवीस माणसं उचलली. फोकस इतका चांगला होता, की कुणालाही ओळखायला त्रास झाला नाही.” आणि पुढे म्हणाला, “चौकशी करणारा अधिकारी मला म्हणाला, तुमची फोटोग्राफी उत्तम आहे, व्रोना. चेष्टेने नाही. त्याला खरंच आवडली होती.”

मारेकला अडीच वर्षांची कैद झाली. सुटून आल्यावर तो वर्षभर जगला. लेशेकला देश सोडण्याचा पासपोर्ट मिळाला, परत न येण्याच्या बोलीवर. बहिणीने त्याच्याशी बोलणं टाकलं ते कायमचं.

“मग इथे चेहरे परत का घ्यायला लागलास?” मी विचारलं.

“एका म्हाताऱ्याने मागितलं म्हणून. वकील माझ्याकडे आली, मी नाही म्हटलं. तर त्या म्हाताऱ्याने स्वतः फोन केला. म्हणाला, मेट, मला दिसायचंय.” त्याने गाडी सुरू केली. “तू आता विचारशील मला राग आलाय का. आलाय. उद्याही असेल.”

दोन दिवसांनी मंत्र्यांनी बंदीचा निर्णय घेतला. पुढच्या जुलैपासून देशभर तो दगड बंद झाला. बंदी आमच्या क्लिपमुळे झाली असं मी म्हणू शकत नाही. डॉक्टर आणि युनियन कितीतरी वर्षं त्यासाठी भांडत होते. पण त्या दिवशी बातमी वाचताना क्लिप पाठवली ते बरोबरच केलं, असं मी स्वतःला पटवायचा प्रयत्न करत होते, आणि ते काही जमलं नाही.

लेशेकने कॅमेरा कपाटात ठेवला. वकीलबाईंना सांगितलं, दुसरं कुणी शोधा. फिल्मचं सगळं फुटेज एका ड्राइव्हवर घालून तो स्वरदाकडे घेऊन गेला, एकटाच. तिने ते घेतलं. काय बोलणं झालं ते दोघांनीही मला सांगितलं नाही.

फेब्रुवारीत यतिनचे वडील आले. आईला डॉक्टरांनी विमानप्रवासाची परवानगी दिली नाही. मुरलीधरकाका वीज मंडळातून निवृत्त झालेले, उंच, थोडे वाकलेले. तिसऱ्या दिवशी त्यांनी मला फोन केला. मी घाबरतच उचलला.

“त्या कॅमेरावाल्या साहेबांना घेऊन येशील का?” ते म्हणाले.

“काका, ते आता शूट करत नाहीत. आणि जे झालं ते त्यांनी नाही, मी...”

“माहितेय मला. स्वरदाने सांगितलं. त्याबद्दल नाही बोलत मी. यतिनची आई तो व्हिडिओ रोज बघते. मी मोजायचं सोडून दिलंय. डोळे मिटले तरी तिला तेच दिसतं. पोरगा गुदमरताना. तिला दुसरं काहीतरी बघायला द्या. एवढंच मागतोय.”

मी लेशेकला हे शब्दशः सांगितलं. तो म्हणाला, “यतिन काय म्हणतो ते विचार.”

यतिन म्हणाला, “चालेल. पण दाढी वाढलीय माझी. आईला आवडत नाही.”

म्हणून ते शूट दाढीचंच झालं. सकाळी अकराची वेळ. लेशेकने खिडकीत अभ्रा धरला आणि बघता बघता यतिनच्या चेहऱ्यावरचा पिवळेपणा कमी झाला. काकांनी मगात गरम पाणी आणलं, ब्रशने फेस केला. मी माइक धरला. वस्तऱ्याची खरखर, ऑक्सिजनच्या मशीनचा आवाज आणि पाणी.

“बाबा, गळ्याजवळ सावकाश.”

“माहितेय. तुला शिकवली कुणी?”

“कापलं होतं तेव्हा तुम्ही. हनुवटीला.”

“तू हललास.”

“मी नव्हतो हललो.”

अकरा मिनिटं ते चाललं. शेवटी काकांनी ओल्या टॉवेलने त्याचं तोंड पुसलं, लहान मुलाचं पुसतात तसं, कानांच्या मागेसुद्धा. यतिनने डोळे मिटून घेतले होते. मग त्याने ते उघडले आणि कॅमेऱ्यात बघून म्हणाला, “आई, झाली बघ.”

लेशेकने ते एका ड्राइव्हवर घेऊन काकांच्या हातात दिलं. त्यांच्यासमोर कार्ड पुसलं. प्रत ठेवली नाही.

सतरा दिवसांनी यतिन गेला. अस्थी घेऊन काका परत गेले. स्वरदा आणि स्पृहा इथेच आहेत. स्वरदा माझ्याशी बोलते, शाळेच्या गेटवर भेटली तर थांबते, पण घरी ये म्हणत नाही. मीही जात नाही. फुटेजचा ड्राइव्ह तिच्याकडे आहे. ती फिल्म होईल की नाही हे तिने ठरवलेलं नाही.

वर्षश्राद्धानंतर मी काकांना फोन केला होता. विचारू की नको करत विचारलं, काकूंनी पाहिलं का ते?

“अजून नाही,” ते म्हणाले. “ड्राइव्ह देवघरात ठेवलाय. पण तो आधीचा व्हिडिओ तिने फोनमधून काढून टाकला.”

लेशेक गेल्या ऑगस्टमध्ये वारला, एकाहत्तराव्या वर्षी. मेंदूत रक्तस्राव झाला, शेजाऱ्यांनी अँब्युलन्स बोलावली, दोन दिवस हॉस्पिटलमध्ये होता. मी तेव्हा इथल्या काउन्सिलच्या, म्हणजे नगरपालिकेच्या, कम्युनिकेशन्स ऑफिसात लागले होते. शनिवारी मी त्याच्याकडे जायचे, आम्ही सूप प्यायचो, तो मला पोलिश हवामान आणि ऑस्ट्रेलियन राजकारण यांच्याबद्दल तक्रारी ऐकवायचा. त्या क्लिपचा विषय त्याने परत काढला नाही. त्याने मला माफ केलं का, मला माहीत नाही. शेवटच्या दिवशी तो शुद्धीवर नव्हता.

बहिणीला मी पत्र लिहिलं. उत्तर आलं नाही, पण पत्र परतही आलं नाही.

चर्चमध्ये दहा-बारा माणसं येतील असा माझा अंदाज होता. पोलिश क्लबची काही म्हातारी मंडळी, वकीलबाई, शेजारी. पण बाया येत राहिल्या. पन्नाशीच्या, साठीच्या, काही काठी टेकत, काही मुलांच्या गाडीतून, एक तर पहाटेच्या ट्रेनने सिडनीहून आलेली. मी त्यांना त्यांच्या नावांनी ओळखत नव्हते. पण त्यांच्या घरातले पडदे, भिंतीवरची घड्याळं, पलंग कुठल्या बाजूला होता, सगळं मला आठवत होतं. नंतर हॉलमध्ये चहाला त्या एकमेकींना नवऱ्याच्या नावाने ओळख सांगत होत्या. मी डॉनची. मी स्टाव्ह्रोसची. माझा तो वेल्डर होता, मोठ्याने बोलणारा.

एकजण माझ्याजवळ आली. हातात चहाचा कप होता.

“शूट झाल्यावर तो पुढच्या आठवड्यात परत यायचा,” ती म्हणाली. “कॅमेरा न घेता. नुसता बसायचा. माझ्या नवऱ्याला पोलिश शिव्या शिकवल्या त्याने.” ती हसली, मग तिचा चेहरा बिघडला. “तू मुलगी का त्याची?”

“नाही,” मी म्हटलं. “मी माइक धरायचे.”

“हां,” ती म्हणाली. “तू बोलायची नाहीस. आठवतंय मला.” आणि माझ्या शेजारची खुर्ची ओढून ती बसली.